जमिनीचा माणूस आणि जमिनीचे राजकारण



डोंबिवली-कल्याणहून रोज सकाळची लोकल पकडून मुंबईला नोकरीवर जाणाऱ्या माणसाच्या पगारपत्रकात ‘व्यवसाय कर’ नावाचा एक रकाना असतो. दरमहा दोनशे रुपये कापले जातात, फेब्रुवारीत तीनशे. वर्षाचे अडीच हजार. रक्कम फार मोठी नाही, म्हणून तिच्याविषयी कोणी फारसे विचारतही नाही. हा कर १९७५च्या कायद्याने आला आणि तो आणण्यामागचा मुख्य हेतू होता रोजगार हमी योजनेसाठी पैसा उभा करणे. शहरात बसून पगार घेणाऱ्याने खेड्यात हाताला काम मागणाऱ्यासाठी चार पैसे द्यावेत, असा त्यामागचा विचार. ही योजना ज्यांच्या कारकिर्दीत उभी राहिली ते मुख्यमंत्री म्हणजे वसंतराव नाईक. आज त्यांच्याविषयी बोलायचे आहे.

मी कल्याणचा. कविता लिहितो, मराठीत लिहितो. राजकारणाचा अभ्यासक नाही. शिक्षण म्हणाल तर बी.ए.पर्यंतच. पण जमीन हा विषय आमच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या बोलला गेला आहे. माझे आजोबा कल्याणजवळच्या एका गावात दुसऱ्याची भातखाचरे खंडाने कसत. त्यामुळे एखादा मोठा जमीनदार सत्तेवर बसतो, तेव्हा तो जमिनीचे काय करतो, हे पाहण्याची सवय मला लहानपणापासून लागली. वसंतरावांचे चरित्र मी त्याच नजरेने वाचत आलो.

यवतमाळ जिल्ह्यातल्या पुसद तालुक्यात गहुली नावाचे गाव आहे. बंजारा समाजाचा तांडा तिथे स्थिरावला तो वसंतरावांचे आजोबा चतुरसिंग नाईक यांच्या पुढाकाराने. एके काळी बंजारे बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून देशभर फिरत. पुढे पक्के रस्ते आले, आगगाडी आली आणि तो धंदा बसला. ज्यांच्या पायाला स्थैर्य नव्हते अशा लोकांनी जमीन धरली आणि नांगर हाती घेतला. ‘नाईक’ म्हणजे तांड्याचा प्रमुख. वडील फुलसिंग नाईक हे त्या परिसरातले मोठे शेतकरी. अशा घरात १ जुलै १९१३ रोजी वसंतरावांचा जन्म झाला. हाच दिवस आज महाराष्ट्रात कृषिदिन म्हणून पाळला जातो.

शाळा एका गावी नव्हती. आज या गावी, उद्या त्या गावी असे करत प्राथमिक शिक्षण झाले. नंतर नागपूरच्या मॉरिस कॉलेजातून ते बी.ए. झाले आणि १९४०मध्ये वकिलीची परीक्षा पास झाले. अमरावतीला डॉ. पंजाबराव देशमुखांच्या हाताखाली काही काळ वकिली केली, मग पुसदला. १९४१मध्ये त्यांनी नागपूरच्या वत्सला घाटे यांच्याशी विवाह केला. मुलगा तांड्यातला, मुलगी ब्राह्मण घरातली. त्या काळी दोन्ही बाजूंनी जो गहजब व्हायचा तो झालाच. पण संसार उत्तम झाला आणि वत्सलाताई तांड्याच्याही झाल्या. माणूस जमीनदार घरातला असला तरी घराण्याच्या चौकटीबाहेर पाऊल टाकायची तयारी त्याच्यात होती, एवढे यावरून कळते.

राजकारणाची सुरुवात गावापासून झाली. १९४६मध्ये पुसद नगरपालिकेचे अध्यक्ष. १९५२मध्ये आमदार. तेव्हा विदर्भ मध्य प्रदेशात होता, म्हणून पहिली आमदारकी आणि महसूल खात्याचे उपमंत्रिपद मिळाले ते मध्य प्रदेशात. १९५६मध्ये विदर्भ द्वैभाषिक मुंबई राज्यात आला आणि वसंतराव सहकार, नंतर कृषी खात्याचे मंत्री झाले. महाराष्ट्र राज्य झाल्यावर यशवंतराव चव्हाणांच्या मंत्रिमंडळात ते महसूलमंत्री होते. पंचायत राज्याचा विचार करण्यासाठी १९६०मध्ये नेमलेल्या समितीचे अध्यक्षही तेच. त्या समितीच्या शिफारशींवरून १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा सुरू झाल्या. मारोतराव कन्नमवारांच्या निधनानंतर ५ डिसेंबर १९६३ रोजी वसंतराव मुख्यमंत्री झाले आणि फेब्रुवारी १९७५ पर्यंत राहिले. अकरा वर्षांहून अधिक काळ! इतका काळ सलग ही खुर्ची दुसऱ्या कोणालाही लाभली नाही. ज्या पक्षात मराठा समाजाचे वजन सर्वांत मोठे, त्या पक्षात एका लहान, भटक्या समाजातला माणूस इतकी वर्षे टिकला. विरोधक म्हणत, दिल्लीला आणि जिल्ह्याजिल्ह्यांतल्या पुढाऱ्यांना सोयीचा म्हणून टिकला. तेही खोटे नाही. ओठांत पाइप, चेहऱ्यावर हसू आणि मनात काय चालले आहे ते कोणाला कळू नये, अशी त्यांची तऱ्हा होती.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. मोठ्या जमिनीच्या घरातला हा माणूस महसूलमंत्री असताना महाराष्ट्रात कमाल जमीनधारणेचा कायदा झाला. १९६१चा कायदा, २६ जानेवारी १९६२ पासून अमलात आला. बारमाही पाण्याची जमीन असेल तर १८ एकर आणि कोरडवाहू असेल तर जिल्ह्यानुसार ६६ ते १२६ एकर, यापेक्षा जास्त जमीन ठेवता येणार नाही, असे त्यात ठरले. ज्यांच्या ताटातला घास कमी व्हायचा, तेच लोक त्या सभागृहात मोठ्या संख्येने बसले होते, आणि मांडणाराही त्यांच्यातलाच.

या कायद्याने काय साधले? प्रामाणिकपणे सांगायचे तर अर्धेमुर्धे. मर्यादा एवढी सैल होती की पुष्कळ मोठे शेतकरी तिच्या आत सहज बसले. ज्यांना बसता येईना, त्यांनी मुले, सुना, भाऊबंद यांच्या नावावर वाटण्या दाखवल्या. म्हणूनच पुढे मर्यादा खाली आणावी लागली आणि १९७५ पासून ती १८ ते ५४ एकर झाली. साखर कारखाने चालवणाऱ्या कंपन्यांच्या मोठाल्या जमिनी मात्र सरकारने घेतल्या. पण त्या भूमिहीनांना वाटण्याऐवजी शेती महामंडळाकडे गेल्या आणि ज्यांनी त्या जमिनी पूर्वी कंपन्यांना खंडाने दिल्या होत्या, त्या खंडकऱ्यांच्या वारसांना कित्येक दशके भांडावे लागले. म्हणजे कायदा झाला, पण त्याला जागोजागी फटी राहिल्या. तरीही एक गोष्ट मान्य केली पाहिजे. जमिनीला मर्यादा असली पाहिजे, हे तत्त्व महाराष्ट्रात कायद्याच्या पुस्तकात लिहिले गेले, आणि ते लिहिणाऱ्यांत एक जमीनदार होता.

दुसरी गोष्ट धान्याची. १९६५ साल आठवणाऱ्या मंडळींना रेशनच्या रांगा, अमेरिकेतून येणारा गहू आणि लाल मिलो आठवत असेल. त्या वर्षी पुण्यात शनिवारवाड्यासमोर वसंतरावांनी सांगितले की दोन वर्षांत महाराष्ट्र अन्नधान्यात स्वयंपूर्ण झाला नाही तर मला फाशी द्या. पुढारी असे बोलतात, लोक टाळ्या वाजवतात आणि विसरतात. पण या माणसाने त्या बोलण्यामागे कामही लावले. संकरित ज्वारीचे बियाणे गावोगाव पोचवले. विहिरी, पंप, खते यांसाठी कर्जाची सोय केली. १९६८ ते १९७२ या काळात राहुरी, अकोला, परभणी आणि आपल्या कोकणासाठी दापोली अशी चार कृषी विद्यापीठे उभी राहिली. परभणीच्या विद्यापीठाला २०१३मध्ये त्यांचेच नाव दिले गेले. कापूस पिकवणाऱ्याला व्यापाऱ्याच्या दयेवर राहावे लागू नये म्हणून एकाधिकार खरेदीची योजना १९७२च्या सुमारास सुरू झाली.

मग १९७२चा दुष्काळ आला. कोरडवाहू महाराष्ट्र अजूनही पावसाच्याच तालावर जगतो, हे त्या वर्षाने दाखवून दिले. १९७३च्या मे महिन्यात दुष्काळी कामांवर राबणाऱ्यांची संख्या जवळजवळ पन्नास लाखांवर गेली होती. बायामाणसे रस्त्यावर बसून खडी फोडत होती. आमच्या वडिलांच्या तोंडी एक वाक्य होते, “त्या वर्षी देशावरची माणसं कल्याण स्टेशनात उतरायची, हातात ट्रंक नाही, नुसती घमेली.” ती माणसे आमच्याकडच्या दगडखाणींवर, वीटभट्ट्यांवर कामाला लागली. काही परत गेली, पुष्कळ इथलीच झाली.

वि. स. पागे यांनी रोजगार हमीची कल्पना मांडली होती. १९६५मध्ये तासगाव तालुक्यात विसापूरला तिचा लहानसा प्रयोगही झाला होता. पागे विधान परिषदेचे सभापती. वसंतरावांनी त्यांच्या योजनेला राज्याचे बळ दिले. कामाचा हक्क हा पुढे १९७७च्या कायद्याने महाराष्ट्रात नोंदला गेला आणि २००५मध्ये साऱ्या देशासाठी रोजगार हमीचा कायदा आला, तेव्हा महाराष्ट्राचाच दाखला समोर होता.

इथे थोडे थांबून विचार करू. खेड्यातल्या मोठ्या शेतकऱ्यांचे राज्य असताना मजुराच्या बाजूची ही योजना मंजूर कशी झाली? याचे एक उत्तर असे की पैसा बराचसा शहराच्या खिशातून येणार होता. आणि मजुरांच्या हातून जे पाझर तलाव, बांध, रस्ते होणार होते, त्यांचा लाभ जमीन असलेल्यालाच जास्त मिळणार होता. मजुराला पोटापुरते मिळाले, बागायतदाराच्या विहिरीला पाणी आले. कोणी म्हणेल, ही चलाखी आहे. मला तसे वाटत नाही. शेतावर वाढलेल्या माणसाला हे बरोबर कळते की धन्याचे आणि गड्याचे हित एका बांधावर आणल्याशिवाय गावात काही टिकत नाही. वसंतरावांचा मोठेपणा मला इथे दिसतो.

पण आता आपल्या ठाणे जिल्ह्याकडे वळतो. इथला हिशेब वेगळा आहे.

आमच्याकडे कुळकायदा वसंतरावांच्या आधीचा. १९४८चा कायदा, आणि १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन. त्या दिवशी जमीन कसणारे कूळ कायद्याने मालक झाले. माझ्या आजोबांनी किंमत हप्त्याहप्त्याने भरली आणि सातबारावर त्यांचे नाव चढले. त्यांना लिहिता येत नव्हते. पण तलाठ्याकडून सातबारा आणला की ते माझ्या वडिलांना मोठ्याने वाचायला लावत आणि आपले नाव आले की मान हलवत. जमीन शब्द फारसी, महसूल अरबी, कूळ संस्कृत. सारे एकाच कागदावर मराठीत नांदतात. मला मराठी कवी कोणी केले असे विचारले, तर मी त्या सातबाराचेही नाव घेईन.

आजोबांसारख्या शेकडो कुळांच्या हाती जमीन येऊन दहा-पंधरा वर्षे होत होती, तोच या जिल्ह्यात जमिनीचा अर्थ बदलला. साठच्या दशकात औद्योगिक विकास महामंडळाने डोंबिवलीत, ठाणे-बेलापूर रस्त्यावर कारखान्यांसाठी जमिनी घेतल्या. मुंबईत माणूस मावेना, म्हणून खाडीपलीकडे नवे शहर वसवावे, ही कल्पना चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी मांडली होती. ती सरकारने उचलली. १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली. ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनी नव्या मुंबईसाठी ठरवल्या गेल्या. भातखाचरे, मिठागरे, आगरी-कोळ्यांची गावठाणे. मुख्यमंत्री होते वसंतराव नाईक.

नवे शहर नको होते, असे मी म्हणत नाही. आज लाखो माणसे तिथे राहतात, त्यांत माझे नातेवाईकही आहेत. पण ज्या माणसाला पुसदच्या काळ्या जमिनीत कपाशीच्या बोंडाला काय भाव मिळायला हवा याची तळमळ होती, त्याच्याच सरकारला आमच्या खाडीकाठच्या खाचराची किंमत आकारताना ते खाचर नुसते क्षेत्रफळ दिसले. राब भाजून, रोपे लावून, गुडघाभर चिखलात उभे राहून ज्यांनी ते पिकवले, त्यांच्या पुढच्या पिढीचे काय, हा प्रश्न मोबदल्याच्या आकड्यात मावला नाही. त्याचे उत्तर मिळवण्यासाठी दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली लोकांना वर्षानुवर्षे लढावे लागले. जानेवारी १९८४मध्ये उरणजवळ जासई परिसरात गोळीबार झाला, पाच जण प्राणांस मुकले. त्यानंतर साडेबारा टक्के विकसित जमीन मूळ मालकांना परत देण्याचे धोरण आले. तोवर वसंतराव हयात नव्हते. पण पेरणी त्यांच्या काळातली होती, आणि पीक कोणाचे हे विचारताना पेरणाऱ्याचे नाव घ्यावेच लागते.

आणखी एक प्रसंग सांगितल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. ७ मे १९७०. भिवंडी. माझे आजोळ भिवंडीचे. मी तेव्हा आईच्या पोटात होतो. मामांचे चार यंत्रमाग होते, ते त्या दिवसांत जळाले. नंतर मामा दुसऱ्याच्या मागावर कामाला गेले, आणि त्याविषयी ते कधी बोलले नाहीत. सरकारने न्यायमूर्ती डी. पी. मादन यांचा चौकशी आयोग नेमला. आयोगाच्या नोंदीप्रमाणे भिवंडी परिसरात ७८ आणि दुसऱ्या दिवशी जळगावात ४३ माणसे मेली. दंगल कशी शिजत गेली, कोणी काय पाहिले आणि कोणी न पाहिल्यासारखे केले, पोलिसांचा तपास कसा झाला, हे सारे त्या अहवालात इतके स्पष्ट लिहिले आहे की आजही वाचताना हात थांबतो. असा निःस्पृह न्यायमूर्ती नेमला याचे श्रेय त्या सरकारला दिले पाहिजे. पण धोक्याच्या खुणा आधी दिसत होत्या. मुंबई-ठाण्यात त्या वर्षांत जे नवे राजकारण वाढत होते, त्याला मुख्यमंत्र्यांचा छुपा आशीर्वाद आहे, असे लोक उघड बोलत. शिवसेनेला गमतीने ‘वसंतसेना’ म्हणत. ठाणे नगरपालिका तर शिवसेनेने १९६७मध्येच जिंकली होती. मादन अहवालातून जे शिकायचे ते नीट शिकले गेले असते, तर मे १९८४मध्ये भिवंडी पुन्हा पेटली नसती, असे मला वाटते.

मग या माणसाचे मोजमाप कसे करायचे? काही वर्षांपूर्वी कविसंमेलनाच्या निमित्ताने पुसदला गेलो होतो. ज्यांच्याकडे उतरलो, ते साधे शेतकरी. भिंतीवर देवांच्या तसबिरींशेजारी वसंतरावांचा फोटो. मी त्यांना सिडकोबद्दल, भिवंडीबद्दल सांगितले. त्यांनी शांतपणे ऐकले आणि म्हणाले, “साहेब, तुम्ही म्हणता ते असेल. पण आमच्या तांड्यात पहिल्यांदा कोणी आम्हाला माणसात धरलं असेल, तर त्यांनी.” मी गप्प बसलो. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. त्यांना आपल्या खेड्याचे दुःख आतून कळत होते, म्हणून त्यांनी तिथे काम उभे केले. आमचे दुःख त्यांना फायलीतून कळले.

वसंतराव १९७७मध्ये वाशीममधून लोकसभेवर गेले आणि १८ ऑगस्ट १९७९ रोजी सिंगापूरला त्यांचे निधन झाले. पुढे १९९१मध्ये त्यांचे पुतणे सुधाकरराव नाईक मुख्यमंत्री झाले. एका लहानशा गहुलीने महाराष्ट्राला दोन मुख्यमंत्री दिले. आणि त्याच यवतमाळ जिल्ह्याचे नाव गेल्या काही दशकांत कापूस पिकवणाऱ्या शेतकऱ्यांच्या आत्महत्यांमुळे वारंवार वर्तमानपत्रात येत राहिले, हेही तितकेच खरे.

आज आमच्या कल्याण-डोंबिवलीत जमीन हीच राजकारणाची पहिली पायरी झाली आहे. गावे महापालिकेत घेतली जातात, वगळली जातात, पुन्हा घेतली जातात. २७ गावांचे १९८३, २००२ आणि २०१५ असे तीन वेळा झाले. आमच्या आजोबांच्या खाचरावरही आता चार मजली इमारत आहे. आत्यांच्या लग्नात ती जमीन विकली गेली, त्यात कोणाला दोष नाही. पण एक फरक जाणवतो. वसंतरावांच्या काळचा जमीनवाला पुढारी जमिनीत काय पिकेल याचा विचार करी. आजचा पुष्कळदा जमिनीवर किती मजले चढतील एवढाच विचार करतो.

म्हणून मला वाटते, जमीनदार पुढाऱ्याकडे किती एकर जमीन आहे, हा प्रश्न दुय्यम आहे. जमीन दुसऱ्याची असते तेव्हा तो तिच्याशी कसा वागतो, हे पाहावे. आपल्या गावच्या बांधावर उभा राहून जो विचार करतो, तोच विचार परक्या गावच्या बांधावर करतो का? वसंतराव नाईक या परीक्षेत विदर्भाच्या कोरड्या शेतात चांगल्या गुणांनी पास झाले. आमच्या खाडीकाठी त्यांचे गुण कमी पडले. पुढच्या वेळी आपल्या दारात मत मागायला कोणी येईल, त्याच्या सातबाराची चौकशी जरूर करा. पण त्याला हेही विचारा, की तुमच्या सातबारात ज्यांचे नाव नाही, त्यांच्यासाठी तुम्ही काय केले?

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)